गौरवग्रंथ कोल्हापुरात करून घेताना: छपाई चोख, जीवनपट कच्चा

साठी-पंचाहत्तरी जवळ आली की आधी चौकात फ्लेक्स लागतो, मग जेवणाचा बेत ठरतो आणि तांबड्या-पांढऱ्याच्या हिशेबात कुणीतरी म्हणतं, ‘अण्णांचा एक ग्रंथ काढूया की.’ पेढीवर बसून सुरुवात, पुढे नगरसेवक, महापौर आणि शेवटी आमदार, अशी चढण चढलेल्यांचा ग्रंथ तर हमखास निघतो. शाहूपुरी, लक्ष्मीपुरी, राजारामपुरी, उद्यमनगर इथले छापखाने आणि डीटीपीवाले हे काम मुलाखतीपासून बांधणीपर्यंत अंगावर घेतात. हे परीक्षण त्या सेवेचं आहे, कुठल्या एका छापखान्याचं नाही. गुण आणि खोडी सगळीकडे इतक्या सारख्या आहेत की नावं घेऊन उपयोग नाही.

निकाल आधीच सांगायचा तर छपाईला पाचपैकी साडेचार, बांधणीला तीन (आणि बजावून घेतली तर चार), मजकुराला दोन. ते दोनसुद्धा आठवणींच्या विभागामुळे, कारण तिथे लोक मनापासून लिहितात. जीवनपटाला वेगळे गुण द्यायचे झाले तर शून्याच्या आसपास अडकेल. आणि वीस वर्षांनी कुणी हा ग्रंथ उघडलाच तर जीवनपटच बघायला उघडणार.

आधी पैशाचं बघू. अंदाजपत्रक हातात आलं की पहिली नजर पानांच्या आकड्यावर टाका. डेमी आकारात (साधारण साडेपाच बाय साडेआठ इंच) 16 पानांचा एक फॉर्म, म्हणजे एकत्र छापून घडी घातलेला गठ्ठा होतो. 200 पानं ऐकायला गोल वाटतात, पण ते साडेबारा फॉर्म झाले. उरलेल्या अर्ध्या फॉर्मची मशीनवर वेगळी मांडामांड होते आणि तिचे पैसे लागतात. एक तर 192 करा, नाहीतर 208. कागदाचा हिशेब घरी बसून करता येतो. 23 बाय 36 इंची एका तावात दोन्ही बाजू मिळून डेमीची 32 पानं बसतात. 208 पानांच्या एका प्रतीला साडेसहा ताव, हजार प्रतींना 6500 ताव, म्हणजे 500 तावांच्या 13 रीम. रंग जुळेपर्यंत वाया जाणारे ताव धरून पावणेचौदा-चौदा रीम ठीक. कुणी सतरा लावले तर का ते विचारा.

कागदाची जाडीही तपासता येते. जीएसएम म्हणजे एक चौरस मीटर कागदाचं ग्रॅममधलं वजन. या मापाच्या 70 जीएसएम मॅपलिथोची (साधा छपाईचा कागद) रीम साधारण 18.7 किलो भरते, 80 जीएसएमची 21.4 किलो. रीमच्या वेष्टणावर वजन छापलेलं असतं. अंदाजपत्रकात 80 आणि मशीनवर 70 हा प्रकार होतो, आणि पान उलटल्यावर मागचा मजकूर पुढे दिसायला लागला की मग कळतो. छपाईच्या दिवशी दहा मिनिटं जाऊन वेष्टण बघून आलं की विषय संपला.

ऑफसेटची छपाई मात्र कोल्हापुरात खरोखर चोख मिळते. लग्नपत्रिका, कॅलेंडर, दिवाळी अंक, साखर कारखान्यांचे वार्षिक अहवाल यांवर इथल्या मशीनवाल्यांचा हात बसलेला आहे. काळी शाई सगळ्या फॉर्मांत सारखी लागते, रजिस्टर, म्हणजे एकावर एक रंगांची जुळणी, हलत नाही. प्रती अडीचशे-तीनशेच काढायच्या असतील तर डिजिटल बरं. प्लेटचा खर्च वाचतो, फक्त गडद काळ्या भागावर चमक राहते आणि घडीवर शाईचा पापुद्रा सुटतो.

रंगीत पानांत एक गोष्ट हटकून फसते ती म्हणजे भगवा. मोबाईलच्या पडद्यावर जो फेटा तळपतो तो चार रंगांच्या छपाईत विटकरी उतरतो. पडद्यावर प्रकाशाचा केशरी असतो, कागदावर पिवळा आणि मॅजेंटा मिसळून तो करावा लागतो, आणि मूळ फोटोत थोडा निळा-काळा अंश शिल्लक असला की रंग मळतो. डिझायनरला फोटो छपाईच्या रंगांत बदलून घ्यायला सांगा, फेट्यातला सायन (निळी शाई) जवळजवळ शून्यावर आणायला लावा आणि तेवढ्या एका पानाचं प्रूफ आर्ट पेपरवर काढून बघा. सत्काराच्या पंधरा फोटोंत फेटा मातकट आला तर घरचे लोक दुसरं काही वाचत नाहीत.

बांधणीत छापखाना स्वतःहून परफेक्ट बाइंडिंग सुचवतो. त्यात फॉर्मची पाठ खरवडून गरम सरस लावतात आणि मुखपृष्ठ चिकटवतात. स्वस्त आहे, एका दिवसात होतं. पण गौरवग्रंथात मधे आर्ट पेपरची 16 किंवा 32 फोटोपानं असतात. त्या कागदावर लेप असतो, त्यामुळे सरस आत मुरत नाही. ग्रंथ सपाट उघडून दोन-चार वेळा फोटो दाखवले की नेमकी तीच पानं हातात येतात. म्हणून ‘फॉर्म शिवून, पुठ्ठा बांधणी’ असं अंदाजपत्रकात लिहूनच घ्या. पुठ्ठा दोन ते अडीच मिलिमीटरचा. पुठ्ठ्याला आतून चिकटणारा अस्तराचा कागद 120 जीएसएमच्या खालचा नको, नाहीतर सांध्यावर फाटतो.

कागदाच्या तंतूंची दिशा कण्याला समांतर हवी. चौकोनी तुकडा कापून एका बाजूने ओला करा. तो वळून जी नळी होते, तिची लांबी म्हणजे तंतूंची दिशा. उलटी असेल तर पानं वेडीवाकडी होतात आणि पुस्तक मिटत नाही. कोल्हापूरच्या जुलैत याचा तमाशा बघायला मिळतो: मुखपृष्ठावर बाहेरून मॅट लॅमिनेशन, आतली बाजू उघडी, ती दमट हवा पिते, आणि आठ दिवसांत चळतीतली वरची प्रत होडीसारखी वाकते. जून ते सप्टेंबरात बांधणी करायचीच असेल तर प्रती बांधून झाल्यावर दोन दिवस दाबाखाली ठेवायला सांगा आणि गठ्ठे फरशीवर न ठेवता फळीवर ठेवा. सोनेरी फॉइल, स्पॉट यूव्ही वगैरे ज्याची हौस त्याने करावी.

आता मजकूर. अंदाजपत्रकातलं ‘लेखनासह’ म्हणजे प्रत्यक्षात काय? एक तरुण मुलगा किंवा मुलगी रेकॉर्डर घेऊन चार-पाच बैठका करते. तासाभराच्या बोलण्याचे सहा-सात हजार शब्द होतात, ते टाइप करायला पाच-सहा तास लागतात, आणि त्यातला निम्मा भाग छापण्याजोगा नसतो. 208 पानांपैकी चाळीसेक पानं शुभसंदेशांची, तीस फोटोंची, साठ-सत्तर आठवणींची. मुख्य चरित्राला साठ पानं उरतात. डेमीच्या एका पानात बारा पॉइंटमध्ये 280 ते 300 शब्द बसतात, म्हणजे सतरा-अठरा हजार शब्दांत अख्खी कारकीर्द. हे पुरेसं आहे, जर ते शब्द नेमके असतील. ते नसतात. ‘सर्वसामान्यांचा कैवारी’ सात ठिकाणी आणि स्थायी समितीत कुठल्या वर्षी होते, हे एकाही ठिकाणी नाही.

शुभसंदेशांबद्दल एवढंच: लेटरहेडसकट फोटो छापू नका, मजकूर जुळवून छापा आणि एका पानावर दोन घ्या. वीस पानं वाचतील.

व्यापाराचा भाग सगळ्यात पातळ उतरतो, आणि खरं तर तिथेच माणूस घडलेला असतो. लिहिणारा ‘वडिलोपार्जित व्यवसायात लक्ष घातले’ एवढ्यावर पेढी गुंडाळतो. गुळाचा अडत्या काय करतो, हे वाचणाऱ्याला कळलं पाहिजे: शेतकऱ्याचे रवे (गुळाच्या ढेपा) उतरवून घेणं, सौद्यात बोली लावून घेणं, तोल, हमाली, अडत (स्वतःची दलाली) वजा करून पट्टी, म्हणजे हिशेबाची चिठ्ठी, करणं, आणि खरेदीदाराकडून पैसे येण्याआधी शेतकऱ्याला पट्टीचे पैसे चुकते करणं. ही शेवटची गोष्ट जो अडचणीच्या हंगामातही पाळतो त्याच्या शब्दाला गावोगाव वजन येतं. पुढे मतं मागायला निघाला की ते वजन कामाला येतं. हा धागा ग्रंथात दाखवायचा असेल तर मुलाखत बंगल्यावर घेऊ नका, मार्केट यार्डात घ्या, जुन्या मुनिमाला आणि तोलाईदाराला शेजारी बसवून. दिवाळीच्या पाडव्याला गुळाचा मुहूर्ताचा सौदा निघतो. त्या दिवशी यार्डात गेलं तर अर्धं प्रकरण आपोआप मिळतं, फोटोसकट.

तारखांची पहिली गफलतही इथेच होते. ‘पणजोबांनी 1890 साली शाहूपुरीत पेढी थाटली’ असं बिनदिक्कत छापलं जातं. शाहूपुरी ही व्यापारपेठ शाहू महाराजांनी वसवली 1895 साली, मिरजेहून रेल्वे आली त्यानंतर चारेक वर्षांनी. 1890 ला पेढी असेल तर ती गावात दुसरीकडे असणार. ‘1950 मध्ये रोज शंभर क्विंटल माल’ हेही तसंच. मेट्रिक वजनं 1958 नंतर आली, तोवर मण-शेर होते. जुन्या मापाचा आकडा जुन्याच मापात छापा आणि तळटीप द्या.

पेढीच्या वह्या शिल्लक असतील तर त्यांच्यासारखा पुरावा नाही. फक्त त्या वाचता यायला हव्यात. संस्थानकाळातल्या वह्या मोडीत सापडतात. लेखन-पॅकेजमध्ये मोडी वाचणारा धरलेला नसतो, तो वेगळा बघावा लागतो. वहीतल्या मितीचं इसवी सनात रूपांतर साधं आहे. शके असेल तर 78 मिळवा, पौषाच्या पुढची तिथी असेल तर 79. व्यापारी वहीत संवत असेल आणि ती दिवाळीच्या पाडव्याला बदललेली असेल तर डिसेंबरअखेरपर्यंतच्या नोंदीला 57 वजा करा, जानेवारीपासून 56. संवत 2018 ची कार्तिकातली नोंद म्हणजे 1961. हे एक वर्षाचं मागे-पुढे झालं की वडिलांचं निधन आणि पेढी हाती घेणं यांचा क्रम उलटतो, आणि तो उलटा क्रम छापून आलेले ग्रंथ आहेत.

वही नसेल तर बिलबुक, लेटरहेड, दुकानापुढचा फोटो चालतो. पत्त्यात पिनकोड असेल तर कागद 15 ऑगस्ट 1972 नंतरचा. ‘नवे पैसे’ असेल तर 1957 ते 1964 मधला. 27 ने सुरू होणारा पंधरा अक्षरांचा जीएसटी क्रमांक असेल तर 2017 किंवा नंतरचा, आणि तसं लेटरहेड ‘पेढीचे पहिले लेटरहेड’ म्हणून छापू नये, हे सांगायची वेळ येऊ नये, पण येते. पुरात भिजून चिकटलेले फोटो ओढून सुटे करू नका. व्हीनस कॉर्नर, शाहूपुरी, लक्ष्मीपुरी या भागांतल्या अनेक घरांत 2019 आणि 2021 च्या पुरानंतर असे गठ्ठे पडून आहेत. स्वच्छ गार पाण्यात भिजवून हळूहळू सुटे करायचे, सावलीत वाळवायचे आणि स्कॅन 600 डीपीआयला करायचं. व्हॉट्सॲपवर आलेला फोटो पान भरून छापू नका. तो चुरगळल्यासारखा दिसतो, कारण पाठवतानाच त्यातला निम्मा तपशील उडालेला असतो. मूळ फाइल मेलवर किंवा पेनड्राइव्हवर मागवा.

महापालिकेच्या भागात चुका जास्त ढोबळ असतात. कोल्हापूरला नगरपालिका 1854 पासून, महानगरपालिका 15 डिसेंबर 1972 पासून. त्याआधीचा माणूस ‘महापौर’ असू शकत नाही, तो नगराध्यक्ष. महापौरपदाची मुदत पूर्वी एक वर्षाची होती, आता अडीच वर्षांची आहे. पण कोल्हापुरात मुदत कागदावर एक आणि खुर्ची प्रत्यक्षात दुसरीच. आघाडीतल्या वाटणीप्रमाणे काही महिन्यांनी राजीनामा द्यायचा आणि पुढच्याला बसवायचं, ही इथली जुनी रीत. त्यामुळे ‘महापौर, 2006-2008’ असं सरधोपट छापू नका. निवडीच्या सभेची तारीख आणि राजीनाम्याची तारीख, दोन्ही द्या. चार महिन्यांचे महापौर असतील तर चारच महिने लिहा. शहराला माहीतच असतं.

नोव्हेंबर 2020 मध्ये सभागृहाची मुदत संपली आणि पुढची पाच वर्षं प्रशासक होता, हेही जीवनपटात लक्षात ठेवायला लागतं. एकदा वाचून काढण्यासारखं उदाहरण म्हणजे थेट पाईपलाईन. काळम्मावाडी धरणाचं पाणी शहरासाठी पुईखडीला आलं 2023 च्या दिवाळीत. त्या वेळी महापालिकेत महापौरच नव्हता. पण मागणी करणारे, ठराव मांडणारे, निधी आणणारे, त्या पाण्याने आंघोळ करणारे असे सगळेच आपापल्या ग्रंथात ती योजना पूर्ण करतात. लिहायचं असेल तर ठराव कुठल्या सभेत झाला, अण्णा तेव्हा कुठल्या पदावर होते, एवढं लिहा. तेही पुष्कळ आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापुरातल्या सर्किट बेंचचंही तेच. 18 ऑगस्ट 2025 ला काम सुरू झालं, त्यामागे सहा जिल्ह्यांतल्या वकिलांची कित्येक वर्षांची लढाई आहे. ‘बेंच आणले’ या क्रियापदाचा कर्ता एकवचनी नको.

याच्या मुळाशी एक गैरसमज आहे आणि लेखन-पॅकेजवाल्या बहुतेकांना तो असतो. महापौर सर्वसाधारण सभेचा अध्यक्ष असतो, शहराचा पहिला नागरिक असतो, पण कार्यकारी अधिकार आयुक्ताकडे असतात आणि ठेक्यांची मंजुरी सोळा सदस्यांच्या स्थायी समितीत होते. म्हणून ‘महापौरांनी रस्ता केला’ हे वाक्य बहुधा चूक असतं आणि ‘स्थायीचे सभापती असताना निविदा मंजूर केली’ हे बरोबर असू शकतं. व्यापारातून आलेल्या माणसाची खरी कर्तबगारी पुष्कळदा स्थायीतच दिसते, दर पाडून घेण्यात. ते प्रकरण ग्रंथात नसतं, कारण तिथले फोटो चांगले नसतात. नगरसचिवांच्या कार्यालयात सभांची इतिवृत्तं असतात. ठरावाचा क्रमांक आणि तारीख मागणीचा साधा अर्ज करून मिळवा. सोबत वर्ष नक्की द्या, नाहीतर कपाटं उघडून दाखवतील आणि म्हणतील, घ्या शोधून.

प्रभागाचा क्रमांक वर्षाशिवाय कधीही छापू नका. दर निवडणुकीला हद्दी बदलतात. 2015 ला 81 एकसदस्यीय प्रभाग होते, पुढे बहुसदस्यीय पद्धत आली. जुन्या कागदांवरचा ‘ई वॉर्ड’ हा सिटी सर्व्हेचा वॉर्ड, निवडणुकीचा नव्हे. शाहूपुरीतला माणूस ‘ई वॉर्डातून निवडून आला’ असं छापलेलं वाचलं की लिहिणारा बाहेरगावचा, हे कळतं. पक्षाचंही तसंच. इथे स्थानिक आघाड्यांवर निवडून येणारे नगरसेवक भरपूर. त्यांना मागाहून आजच्या पक्षाचं तिकीट वाटू नका. राष्ट्रवादी काँग्रेसची स्थापना 10 जून 1999 ची. 1995 च्या पालिकेत कुणी तिच्यातर्फे निवडून येऊ शकत नाही.

आमदारकीच्या प्रकरणात सर्वात आधी एकच विचारायचं: विधानसभा की विधान परिषद? दोघांनाही आपण आमदार म्हणतो आणि ग्रंथवाले ‘विधिमंडळावर निवड’ लिहून मोकळे होतात. विधानसभेत 288 जागा, मतदार सगळी जनता. परिषदेत 78, त्यातल्या 22 स्थानिक स्वराज्य संस्थांतून येतात आणि त्यांचे मतदार म्हणजे नगरसेवक, जिल्हा परिषद सदस्य, पंचायत समित्यांचे सभापती. महापालिकेतून पुढे गेलेल्या व्यापाऱ्याला ही वाट जवळची. तिथे ‘लाखो मतदारांनी कौल दिला’ हे वाक्य घातलं की वाचणारा हसतो. परिषदेची मुदत सहा वर्षांची, विधानसभेची पाचची, आणि पाच नेहमी पाच भरत नाहीत. 1978 ला निवडून आलेल्यांची विधानसभा 1980 ला बरखास्त झाली.

सार्वत्रिक निवडणुकांची वर्षं टेबलावर लिहून ठेवा: 1962, 67, 72, 78, 80, 85, 90, 95, 99, 2004, 09, 14, 19, 24. ‘1982 ला आमदार झाले’ असं कुणी सांगितलं तर पोटनिवडणूक होती, परिषद होती की आठवणीचा घोळ आहे, हे शोधा. 1957 ची निवडणूक द्वैभाषिक मुंबई राज्याची होती, महाराष्ट्र विधानसभेची नव्हे. ‘कोल्हापूर उत्तर’ हा मतदारसंघ 2009 पासूनचा, त्याआधी शहराचा मतदारसंघ नुसता ‘कोल्हापूर’. नरिमन पॉइंटच्या विधान भवनापुढचा फोटो असेल तर तो 1981 नंतरचा. त्याखाली ‘1978 चे पहिले अधिवेशन’ अशी ओळ नको.

सभागृहातलं काम दाखवायचं तर तारांकित प्रश्न आणि लक्षवेधी सूचना शोधा. विधिमंडळाच्या ग्रंथालयात कामकाजाचे छापील खंड आहेत, नाव आणि विषयवार सूची बघून पानं काढता येतात. त्यातलं एक अस्सल भाषण, जसंच्या तसं, दोन पानांत छापा. दहा पानांच्या स्तुतीपेक्षा ते जड ठरतं. निवडणूक 2004 किंवा नंतरची असेल तर उमेदवारी अर्जासोबतचं शपथपत्र मिळतं. शिक्षण तिथे लिहिलेलं असतं, आणि ते ग्रंथातल्या पदवीशी जुळतं का, हे प्रकाशनाआधी आपणच बघितलेलं बरं. नंतर विरोधक बघतात. वर्तमानपत्रांचे जुने अंक हवे असतील तर 1850 सालचं करवीर नगर वाचन मंदिर आहे, विद्यापीठाचं ग्रंथालय आहे. तारीख जवळपास माहीत असेल तर अर्ध्या दिवसात काम होतं.

पॅकेजमध्ये प्रूफरीडिंग ‘समाविष्ट’ असतं, ते बहुधा टायपिंग करणाऱ्याच्याच डोळ्यांनी. डीटीपीवाल्याकडे जुना मजकूर जुन्या फॉन्टमध्ये असतो, तो युनिकोडमध्ये बदलताना ठरावीक जागी मोडतो. ‘दुसऱ्या’चं ‘दुसर्या’ होतं, ‘कार्यकर्त्यांच्या’ मधला रफार एक घर पुढे सरकतो. हे तीन-चार शब्द अख्ख्या फाइलीत शोधून दुरुस्त करून घ्या, मग वाचायला बसा. आडनावांची यादी वेगळी काढून दोघांनी मोठ्याने वाचा. मानवंदनेच्या यादीत एकाचं आडनाव चुकलं की ते घर दहा वर्षं बोलत नाही. शेवटचं प्रूफ मोबाईलवर पीडीएफ बघून पास करू नका. कागदावर काढा, प्रत्येक फॉर्मवर तारीख आणि सही करा. पुढे वाद झाला तर चूक कुणाची, हे त्या सहीवरून ठरतं.

आयएसबीएन फुकट मिळतो, त्याचे पैसे लावणाऱ्याला तसं सांगा. राजा राममोहन रॉय नावाची राष्ट्रीय संस्था तो ऑनलाइन अर्जावर देते. वेळ लागतो म्हणून अर्ज दोन महिने आधी करा. प्रकाशनाची तारीख ठरवताना आचारसंहिता बघा. त्या काळात ग्रंथ वाटला तर खर्च उमेदवाराच्या खात्यात धरला जाण्याची शक्यता असते. सभागृहही लवकर बघून ठेवा. केशवराव भोसले नाट्यगृह 8 ऑगस्ट 2024 ला आगीत जळाल्यानंतर शाहू स्मारक सभागृहाच्या तारखांवर ताण आला.

पुस्तक निघालं की तीस दिवसांत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबई, चेन्नई, दिल्लीच्या ठरलेल्या ग्रंथालयांना एकेक प्रत पाठवणं 1954 च्या कायद्याने प्रकाशकाचं काम आहे. इथे प्रकाशक म्हणून सत्कार समितीचं नाव असतं, समिती जेवणानंतर विसर्जित होते, आणि ते राहून जातं. प्रती पाठवायचं काम छापखान्याच्या शेवटच्या हप्त्याशी बांधून टाका. पोस्टाच्या पावत्या दाखवल्या की चेक. शुद्धिपत्र काढायची वेळ आलीच तर ते सुटं ठेवू नका. जीवनपटाच्या समोरच्या पानाला कण्याकडच्या कडेला बारीक खळीची रेघ ओढून चिकटवा, नाहीतर सभागृह झाडायला येणाऱ्या माणसालाच सगळी शुद्धिपत्रं मिळतात.